हेदरला केवडा पडला

फोटो पाठवला तेव्हा आबा गोठ्यात होते. धारा काढून झाल्यावर चष्मा लावून त्यांनी मोबाइल बघितला आणि उलट फोन केला.

"पोरी, याला केवडा पडलाय की गं. ऊस लावलायस का काय तिकडं?"

ऊस नव्हता. स्कॉटलंडहून मांडीवर कुंडी सांभाळत आणलेलं हेदर होतं, तिकडच्या डोंगरांवर वाढणारं जांभळ्या फुलांचं झुडूप. आबांनी हेदर जन्मात पाहिलेलं नाही. पण चुनखडीच्या रानात खोडव्याची कोवळी पानं पिवळी-पांढरी पडतात, त्याला आमच्याकडे केवडा म्हणतात, आणि तो त्यांनी चाळीस वर्षं पाहिलाय. केवड्याच्या कणसाच्या पानांचा रंग डोळ्यांसमोर आणा, नाव कुठून आलं ते कळेल. माझ्या हेदरची जुनी पानं हिरवी होती आणि शेंडे पिवळे. मी आठवडाभर पुस्तकं उलटीपालटी करून ज्या निदानापर्यंत पोचले होते, तिथे आबा धार काढलेल्या हातानंच पोचले.

"मग? हिराकस मारू का?" लोह देणारं ते औषध आठवून मी विचारलं.

"मार. पंधरा दिवस हिरवं दिसंल. रान बदलणाराय का त्यानं?"

रानाचीच सगळी गोष्ट आहे ही.

आम्ही बार्शीकडचे. केंब्रिजच्या उत्तरेला घर बघायला गेलो तेव्हा नवऱ्यानं छप्पर, बॉयलर, खिडक्यांच्या चौकटी तपासल्या आणि मी मागच्या दारी जाऊन वाफ्यातलं एक ढेकूळ उचललं. निळसर करडं, जड, बोटांना चिकटणारं. हिवाळ्यात चाललं की बुटाला किलोभर चिखल घेऊन घरात यायचं, आणि जुलैत त्याच जमिनीला अशा भेगा की शाळेतली फूटपट्टी उभी आत जावी. इथे या मातीला गॉल्ट क्ले म्हणतात. ती फुगते आणि आकसते, त्यामुळे घरांच्या भिंतींना तडे जातात आणि विमा कंपन्यांचे कागद वाढतात. मला मात्र पाहताक्षणी माहेर भेटल्यासारखं झालं. काळी नाही, करडी आहे एवढंच. बाकी गुण तेच. वाफसा आल्याशिवाय फावडं लावायचं नाही हे मला कुणी शिकवावं लागलं नाही. ओली असताना तुडवली तर वीट, सुकल्यावर खणायला गेलात तर दगड, आणि मधे चार-सहा दिवस काय ती तुमची. त्या मातीत गुलाब आला, प्लमचं झाड आलं, मेथी तर अशी आली की शेजाऱ्यापाजाऱ्यांना वाटली.

त्यामुळे हेदर येणार नाही हे मनातही आलं नव्हतं. चांगल्या रानात काहीही येतं, अशी आमची समजूत.

हेदर पहिल्यांदा बघितलं ते ऑगस्टच्या शेवटी, स्कॉटलंडच्या डोंगरांतल्या ब्रेमार गावाच्या वरच्या अंगाला. लांबून डोंगरावर जांभळट सावली पडल्यासारखं वाटलं. जवळ गेल्यावर कळलं की सावली गुडघ्याएवढी उंच आहे आणि तिच्यात मधमाश्या गुणगुणताहेत. एकेक फूल तांदळाच्या कणीएवढं. आणि झुडूप म्हणावं तर काटक्यांचा खराटा. खरोखरच खराटा, त्याच्या शास्त्रीय नावातला 'कॅलुना' हा शब्द झाडण्या-साफ करण्याच्या ग्रीक क्रियापदावरून आला, कारण याच्या फांद्यांच्या केरसुण्या करत. ज्या झाडाला नाव देताना वनस्पतिशास्त्रज्ञाला केरसुणी आठवली, त्या झाडाबद्दल मला तिथल्या तिथे आपुलकी वाटली.

पण मी जास्त वेळ पाहत बसले ते फुलांखालची माती. पायवाट करताना उतार कापला होता आणि हातभर उंचीची उभी कड उघडी पडली होती. वर चार बोटं काळा, स्पंजासारखा कुजका थर. त्याच्या खाली राखेच्या रंगाची वाळू, अगदी चुलीतली राख काढून पसरावी तशी. त्याच्याखाली एकदम तांबूस, गंजलेलं. मधला राखाडी थर हा सगळ्यातला कंगाल. शतकानुशतकं पावसानं त्यातला चुना, लोह, जे काय खाण्यासारखं असेल ते धुऊन खाली नेलं, आणि लोह खालच्या थरात जाऊन गंजासारखं बसलं. अशा मातीला 'पॉडझॉल' म्हणतात. शब्द रशियन आहे आणि त्याच्यातही राखच आहे. या धुण्याच्या कामात हेदरचा स्वतःचा हात असतो. त्याचा पालापाचोळा कुजताना आम्ल तयार होतं, माती आणखी आंबट होते आणि दुसरी झाडं तिथून काढता पाय घेतात. गरिबी अंगाला लावून घेऊन सगळा डोंगर आपल्या नावावर करणारी ही जात.

कडेची ती तांबूस माती बोटानं खरवडली तेव्हा मला कासचं पठार आठवलं. उगीच नाही. बार्शीची काळी माती आणि कासचा जांभा, दोन्हींचा बाप एकच, दख्खनचा काळा कातळ. फरक केला तो पावसानं. कास-महाबळेश्वरच्या पट्ट्यात तो इतका कोसळतो की कातळातलं विरघळण्यासारखं सगळं वाहून जातं आणि लोहाचा लाल सांगाडा तेवढा उरतो. आमच्याकडे तो इतका बेताचा की विरघळलेला चुना जमिनीतून बाहेर पडायच्या आतच पाणी आटतं, आणि चुना खड्याखड्यानं तिथेच गोठतो. नांगरताना वर येणारे ते पांढरे खडे आम्ही लहानपणी गोट्या म्हणून खेळलोय. आणि बघा, कासवर फुलतं कोण? सड्यावरच्या, म्हणजे उघड्या कातळाच्या पठारावरच्या, वीतभर मातीत भागत नाही म्हणून किडे पकडून खाणारी सीतेची आसवं, आणि त्यांच्या सोबतीला गेंद, तेरडा. ऑगस्ट-सप्टेंबरातच. स्कॉटलंडचं हेदर आणि कासचा सडा एकाच महिन्यात जांभळे होतात. दोघांचं गोत्र वेगळं, पण दोघांनाही पावसानं लुटलेली जमीन मिळालेली आहे.

केंब्रिजमध्ये पाऊस वर्षाला साडेपाचशे-पावणेसहाशे मिलिमीटर. म्हणजे सोलापूर जिल्ह्याच्या सरासरीच्या आसपासच. इंग्लंडात सतत पाऊस पडतो म्हणणाऱ्यांनी एकदा इकडे येऊन राहावं. इथला पाऊस धुऊन काही नेत नाही, आणि जमिनीच्या पोटात तर चुनाच चुना. किटलीचं झाकण उघडलं की आत पांढरी खपली दिसते ती याच पाण्याची.

हे सगळं मला तेव्हा कळायला हवं होतं. पण मी कुंडी घेऊन घरी आले, गुलाबाशेजारी खड्डा घेतला आणि आपल्याकडे पाहुण्याला वाढतात तसं वाढलं. दोन पाट्या कुजलेलं शेणखत. वर शेजारच्या आजोबांनी प्रेमानं दिलेलं अळिंबीचं खत, म्हणजे मशरूम काढून झाल्यावर उरतं ते. माणूस भला, खत उत्तम, आणि त्यात चुना मिसळलेला असतो हे ना त्यांना सुचलं ना मी विचारलं. हेदरनं पहिला हिवाळा कसाबसा काढला, मेमध्ये शेंडे पिवळे केले आणि आबांकडून निदान झालं.

मग मी तो प्रयोग केला, जो आधी करायला हवा होता. एका बशीत चमचाभर सुकी माती घेतली आणि वर साधं व्हिनेगर ओतलं. माती फसफसली. भज्यांच्या पिठात सोड्यावर लिंबू पिळल्यावर होतं तसं, बारीक बुडबुडे आणि किंचित चर्र आवाज. मुलगी टाळ्या पिटत होती आणि मी बशीकडे बघत होते. बुडबुडे आले म्हणजे मातीत चुना मोकळा पडलाय. नंतर दुकानातून सामू, म्हणजे मातीचा आंबटपणा (पीएच), तपासायची नळी आणली, तिच्यात माती आणि थेंब टाकून हलवलं, तर रंग गडद हिरवा, म्हणजे पावणेआठ-आठ. हेदरला हवा साडेचार ते साडेपाच. सामूच्या मोजपट्टीवर एका आकड्याचा फरक म्हणजे दहापट. तीन आकड्यांचा फरक म्हणजे किती, ते तुम्हीच करा.

केवड्याची गंमत अशी की जमिनीत लोह नसतं असं नाही. भरपूर असतं. पण चुन्याच्या सोबतीत ते विरघळतच नाही, मुळाला उचलता येत नाही. उसाच्या मुळाला निदान थोडीफार धडपड करता येते. हेदरची मुळं म्हणजे केसांहून नाजूक तंतू. त्यांच्या पेशींत एक बुरशी बिऱ्हाड करून राहते आणि काळ्या आंबट कुजक्या थरातून नत्र उचलून झाडाला देते. सगळा संसार त्या आंबट थराच्या भरवशावर. तिथे शेणखत आणि चुना नेऊन ओतणं म्हणजे ताकावर वाढलेल्या माणसाला पुरणपोळीचा जेवणक्रम लावणं.

आता माती आंबट करायची कशी? लोक काय काय सांगतात. पाइनच्या सुया टाका. कॉफीचा चोथा टाका. मी दोन्ही केलं. पाइनच्या सुयांचं आच्छादन छान होतं, तण कमी येतं, माती मात्र होती तशीच राहते. चोथ्यातलं आम्ल तर बहुतेक तुमच्या कपात गेलेलं असतं. व्हिनेगर ओतणाऱ्यांबद्दल न बोललेलं बरं. खरा उपाय गंधकाचा. मातीतले जिवाणू गंधक खाऊन त्याचं आम्ल करतात. थंड मातीत महिनोन्‌महिने लागतात, पण होतं. हे वाचून मी आनंदानं कागद-पेन्सिल घेऊन बसले. एक चौरस मीटर जागा, वीतभर खोल, म्हणजे अडीचशे किलो माती. त्यात चुना दहा टक्के धरला तर पंचवीस किलो. तो मारायला आठ किलो गंधक. एका चौरस मीटरला! आणि तेवढं करून शेजारच्या मातीतून, गांडुळांच्या पोटातून, नळाच्या पाण्यातून चुना परत येतच राहणार. नवरा म्हणाला, "आठ किलो गंधक मागवलंस तर पोलीस येतील." हिशेबाचा कागद मी तसाच घडी घालून ठेवला. ज्या मातीत चुना थोडा आहे, सामू साडेसहाच्या आसपास आहे, तिथे गंधकाचा उपयोग आहे. फसफसणाऱ्या मातीत नाही.

आबांना सांगितलं. ते म्हणाले, "रानाशी भांडू नये. रानाला चालतं ते लावावं, नाहीतर दुसरं रान बघावं."

मी दोन्ही केलं.

रानाला चालणारं आधी. हेदर म्हणून जी झाडं विकतात त्यांत दोन घराणी आहेत. एक कॅलुना, डोंगरावरचं, उन्हाळ्याच्या शेवटी फुलणारं, चुन्याशी उभा दावा. दुसरं एरिका, आणि त्यातली एक आल्प्सकडची, एरिका कार्निया, हिवाळ्यात बर्फातून फुलं काढते आणि चुना बऱ्यापैकी सोसते. तिचा एक संकर आहे, डार्ली डेल नावाच्या डर्बीशरमधल्या गावातल्या रोपवाटिकेत एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस आपोआप उगवलेला. कुणी मुद्दाम केला नव्हता. तोही माझ्या मातीत चालतो. फक्त पाणी साचून राहणारी चिबड जमीन त्याला चालत नाही, म्हणून मी वाफ्यात बारीक खडी आणि कुजलेला पाला मिसळून जमीन थोडी उंच केली, झालं. सहा रोपं लावली, त्यानंतर त्यांच्याकडे मी जवळजवळ बघितलेलंही नाही. जानेवारीत दुपारी साडेतीनलाच अंधारून येतं तेव्हा ती गुलाबी असतात.

इथे थांबता आलं असतं. शहाणा माणूस थांबला असता.

पण मला तो डोंगर हवा होता, निदान जेवणाच्या टेबलाएवढा. म्हणून दुसरं रान. दोन मीटर लांब, सव्वा मीटर रुंद, गुडघ्याला थोडं कमी उंच अशी चौकट. विटांची बांधणार होते, पण विटांच्या सांध्यातल्या सिमेंटमधून पाझरतो तो चुनाच, मग लाकडाची केली. तळाला जाडसर विणलेलं कापड टाकलं; त्यातून पाणी खाली जातं आणि गॉल्ट वर येत नाही.

भरायचं काय, यावर मी दोन महिने घालवले. जुनी पुस्तकं सरळ पीट सांगतात. पीट म्हणजे दलदलीत हजारो वर्षं साचलेलं अर्धकुजकं शेवाळ, आंबट, हेदरला अगदी घरच्यासारखं. पिशवी उचलायला दुकानातही गेले होते. पण त्याच्या आधीच्या रविवारी आम्ही होम फेन या जुन्या पाणथळीला जाऊन आलो होतो. आमच्याकडून गाडीनं फार लांब नाही. तिथे बर्चच्या जंगलात लोखंडाचा एक खांब उभा आहे. 1851 साली शेजारचा मोठा तलाव आटवून शेती करायला घेतली, तेव्हा हा खांब पीटमधून खालच्या चिकणमातीपर्यंत रोवला, माथा जमिनीच्या बरोबर. पाणी काढल्यावर पीट सुकत गेलं, आकसत गेलं, हवेत जळत गेलं. आज खांबाचा माथा जमिनीपासून सुमारे चार मीटर वर आहे. खांब जागचा हललेला नाही, जमीनच खाली गेली. मुलीला खांद्यावर घेऊन नवऱ्यानं हात वर केला तरी माथा लांब राहिला. आणि त्या जंगलाच्या एका कोपऱ्यात, आंबट मातीच्या उरलेल्या तुकड्यावर, हेदरही होतं. ज्या पाणथळीवर हेदर वाढतं तीच खणून पिशवीत भरायची आणि त्या पिशवीत हेदर लावायचं, हा व्यवहार मला जमेना. पिशवी परत ठेवली.

शेवटी केलं ते असं: आम्लप्रेमी झाडांसाठी मिळणारं बिनपीटचं मिश्रण निम्मं, पाइनच्या सालीचं कुजवलेलं बारीक खत जवळजवळ पाव, आणि बाकी धुतलेली चुनाविरहित जाड वाळू. वाळूसाठी व्हिनेगरची बाटली घेऊनच दुकानात गेले. काउंटरवरच्या पोरानं विचारलं काय करताय, तर म्हटलं, फसफसते का बघतेय. तीनपैकी एक फसफसली. त्यानं ती पिशवी गुपचूप मागच्या मांडणीवर ठेवली.

रोपं लावताना मुळांचा गोळा कुंडीच्या आकाराचा, जट झालेल्या केसांसारखा होता. तो बोटांनी चारी बाजूंनी मोकळा करावा लागतो, नाहीतर झाड दोन वर्षं आपल्याच मुळांभोवती फिरत बसतं. पाण्याच्या बादलीत बुडवून मी जटा सोडवायला बसले. आई माझ्या केसांतला गुंता काढायची तसं, खालून वर. आणि लावायचं जरा खोल, खालची पानं मातीला टेकतील इतकं. उघडं खोड राहिलं की झाड वाऱ्यानं हलत राहतं. रोपारोपात हातभर अंतर. त्यावर सालीच्या तुकड्यांचं आच्छादन. खत नाही. हे लिहायला सोपं आहे. दर मार्चमध्ये मला शेणखताची पाटी दिसते आणि हात शिवशिवतो. जे झाड उपाशी राहूनच नीट राहतं त्याला बघत राहणं आमच्या घराण्यातल्या बाईला जड जातं. मार्चमध्ये मी फक्त गेल्या वर्षीच्या फुलांचे वाळलेले तुरे कात्रीनं छाटते. लाकडापर्यंत कापलं तर जुनं खोड पुन्हा फुटत नाही, म्हणून हिरव्यातच थांबायचं.

राहिलं पाणी. नळाचं घातलं तर सगळी मेहनत पाण्यात, शब्दशः. म्हणून पन्हळीखाली दोनशे लिटरचं पिंप ठेवलं. बार्शीच्या मुलीला पावसाचं पाणी साठवायला शिकवायची गरज नव्हती. पत्र्याखाली हंडे लावत लहानपण गेलंय.

2022 च्या जुलैत पिंप कोरडं झालं. 19 तारखेला लिंकनशरमध्ये पारा 40.3 अंशांवर गेला, इंग्लंडात चाळिशी कुणी पाहिली नव्हती. आमच्या अंगणात जुन्या भेगा उघडल्या, गवताचा काथ्या झाला. डार्ली डेलवाली बाई डोळे मिटून पडून राहिली, तिला काही झालं नाही. लाकडी चौकटीतल्या उंच वाफ्यातलं हेदर मात्र बोट लावलं तर कुरकुरायला लागलं, आणि एकदा पूर्ण वाळलेलं हेदर परत येत नाही. तेव्हा मला किटली आठवली. पाणी उकळलं की त्यातला बराचसा चुना खाली बसतो, ती पांढरी खपली म्हणजे तोच. मग मी रोज रात्री मोठ्या पातेल्यात नळाचं पाणी खळखळ उकळायचं, झाकून ठेवायचं, सकाळी वरचं निवळ तेवढं वाफ्याला घालायचं. नवरा रोज विचारायचा, आलं-गवती चहा टाकलास का? बारा रोपांपैकी नऊ राहिली.

आबांना हे सांगितलं नव्हतं. मुलीनं सांगितलं. फोनवर बराच वेळ काही आवाज नाही, मला वाटलं रेंज गेली. मग हसण्याचा आवाज आला, खोकल्यासकट. शेजारी बसलेल्या आईला ते सांगत होते, "आगं, झाडाला पानी उकळून घालतीया."

तेव्हापासून आमचं बोलणं एका ठरावीक वळणानं सुरू होतं. मी विचारते, "आबा, पाऊस झाला का?" ते दोन बोटं झाला, चार बोटं झाला असं काहीतरी सांगतात, आणि मग ते विचारतात, "तुझ्या पिंपात किती हाय?"

काल निम्मं होतं.